दौंडच्या डॉक्टरने पाहिलेला महाराष्ट्र : जब्बार पटेल यांची पन्नास वर्षं

पोस्ट मोठी आहे. चहा घेऊन बसा.

जानेवारी 2024 मध्ये शंभरावं अखिल भारतीय मराठी नाट्य संमेलन आपल्या पिंपरी-चिंचवडमध्ये झालं. थेरगावातून पवनेचा पूल ओलांडला की चिंचवडगाव, म्हणजे अगदी शेजारीच. आठवडाभर कमानी होत्या, फ्लेक्स होते, ट्रॅफिक होतं. फ्लेक्सवर नेत्यांचे चेहरे मोठे आणि संमेलनाध्यक्षांचा चेहरा त्या मानाने लहान. अध्यक्ष होते डॉ. जब्बार पटेल. संमेलन खरं तर 2020 ला व्हायचं, कोरोनामुळे लांबत लांबत आपल्याकडे आलं.

त्या आठवड्यात अनेक तरुण पोरांनी विचारलं, "हे पटेल म्हणजे नक्की कोण?" 'सिंहासन'चं नाव सांगितलं की मान हलते, पण चित्रपट पाहिलेला नसतो. म्हणून हे लिहितोय. या माणसाचे चित्रपट ओळीने लावले तर गेल्या पन्नास वर्षांतला महाराष्ट्र कसा चालला हे जितकं कळतं, तितकं क्वचितच दुसरीकडे कळेल. आणि ते कळलं की आपल्या पट्ट्याबद्दल काही अडचणीचे प्रश्न उभे राहतात. त्यांच्याकडे शेवटी येतो.

डॉक्टरांची नाटक मंडळी

जब्बार पटेल यांचा जन्म 1942 चा, पंढरपूरचा. वाढले सोलापुरात. पुण्याच्या बी. जे. मेडिकलला शिकले, लहान मुलांचे डॉक्टर झाले आणि दौंडला दवाखाना चालवला. दौंड म्हणजे रेल्वे जंक्शन, आजूबाजूला ऊस. दिवसा पेशंट तपासायचे आणि संध्याकाळी रेल्वेने पुण्याला तालमीला.

त्या काळच्या पुण्याच्या प्रायोगिक नाटकात बी. जे. मेडिकलची माणसं किती होती बघा. मोहन आगाशे मानसोपचाराचे डॉक्टर. सतीश आळेकर जीवरसायनशास्त्राचे. पटेल बालरोगतज्ज्ञ. यांच्यापैकी कुणाचंच घर नाटकावर चालत नव्हतं. हा मुद्दा लक्षात ठेवा, पुढे कामाला येणार आहे.

16 डिसेंबर 1972 ला प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशन या संस्थेने विजय तेंडुलकरांचं 'घाशीराम कोतवाल' रंगमंचावर आणलं. दिग्दर्शक जब्बार पटेल, संगीत भास्कर चंदावरकर, नाना फडणवीस झाले मोहन आगाशे. माणसांची भिंत, कीर्तन, लावणी, दशावतारी खेळाचा बाज, आणि त्या सगळ्यातून पुढे येणारी गोष्ट अशी : सत्ता स्वतःच्या सोयीसाठी एक गुंड तयार करते आणि सोय संपली की त्याला जमावाच्या हवाली करते.

पुण्यात गहजब झाला. नानांची बदनामी, ब्राह्मणांची बदनामी. 19 प्रयोगांनंतर संस्थेनेच नाटक थांबवलं. मंडळी बाहेर पडली आणि 1973 ला 'थिएटर अकादमी' काढली. 'घाशीराम' पुन्हा सुरू झालं, पुढे 1980 ला युरोपात गेलं. तेव्हाही विरोध झाला, पण गेलं. तिसाव्या वर्षी दिग्दर्शकाला एक धडा मिळाला होता : प्रश्न नीट विचारला की आधी आपलीच माणसं चिडतात.

साखर कारखाना आणि एक हरवलेला माणूस

चित्रपट आला 1975 मध्ये, 'सामना'. निर्माते रामदास फुटाणे. हे कवी आणि मूळचे चित्रकला शिक्षक. पटकथा तेंडुलकरांची. त्या काळच्या मराठी सिनेमाची हवा आठवा. दादा कोंडकेंच्या 'सोंगाड्या'ने 1971 ला धुमाकूळ घातला होता, 1972 ला शांताराम बापूंचा 'पिंजरा' आला होता. 'पिंजरा'तले दोघे जण, श्रीराम लागू आणि निळू फुले, 'सामना'त समोरासमोर आले.

'पिंजरा'तला मास्तर आदर्श असतो आणि मग खाली खाली जातो. 'सामना'तला मास्तर सुरुवातीलाच खाली गेलेला आहे. स्वातंत्र्य चळवळीतला हा जुना माणूस आता दारूत बुडालाय. तो एका गावात येऊन पडतो. तिथे हिंदूराव धोंडे पाटलांचं राज्य. साखर कारखाना त्यांचा, संस्था त्यांच्या, रस्ता त्यांच्याच बंगल्यापर्यंत. हिंदूराव मास्तरला उचलून घरी आणतो, खाऊपिऊ घालतो, त्याला एक करमणूक मिळते. आणि मग मास्तरच्या कानावर एक नाव पडतं, मारुती कांबळे. हा माजी सैनिक गावात होता आणि आता नाही. तो कुठे गेला हे मास्तर विचारत सुटतो. कारखान्यात, शेतात, पंगतीत, मिळेल तिथे.

हा प्रश्न पुढे मराठी राजकारणाचा वाक्प्रचारच झाला. आजही एखाद्या गायब प्रकरणाबद्दल विधानसभेत किंवा अग्रलेखात मारुती कांबळेचं नाव निघतं. एखाद्या काल्पनिक पात्राला याहून मोठा मान मिळणं कठीण आहे.

'सामना'ची ताकद हिंदूरावला राक्षस न करण्यात आहे. निळूभाऊंचा हिंदूराव कर्तबगार आहे. माळरानावर पाणी त्याने आणलं, कारखाना त्याने उभारला, पोरांना नोकऱ्या त्याने लावल्या. म्हणूनच गाव गप्प आहे. ज्याने भाकरी दिली त्याला खुनाबद्दल कसं विचारायचं? सहकारातून आलेली समृद्धी आणि तिच्याबरोबर आलेली मुकी भीती, दोन्ही एकाच माणसात. हा चित्रपट 1975 च्या बर्लिन महोत्सवात स्पर्धेत होता. दिग्दर्शकाचा पहिला चित्रपट, तोही मराठी.

मंत्रालयाच्या आत

1977 ला 'जैत रे जैत'. गो. नी. दांडेकरांची कादंबरी, ठाकर समाज, लिंगोबाचा डोंगर, राणीमाशीच्या मागे लागलेला नाग्या. ना. धों. महानोरांचे शब्द, हृदयनाथ मंगेशकरांचं संगीत, डझनाहून जास्त गाणी. मोहन आगाशे आणि स्मिता पाटील. याबद्दल कमी लिहितो, कारण ही गाणी तुमच्या घरात वाजतातच.

थांबायचं आहे ते 'सिंहासन'पाशी. साल 1979. अरुण साधूंच्या 'मुंबई दिनांक' आणि 'सिंहासन' या दोन कादंबऱ्या एकत्र करून तेंडुलकरांनी पटकथा लिहिली. अरुण सरनाईक मुख्यमंत्री, लागू खुर्चीवर डोळा असलेले अर्थमंत्री विश्वासराव दाभाडे, सतीश दुभाषी कामगार पुढारी डिकास्टा, नाना पाटेकर स्मगलिंगच्या दुनियेतला पोरगा. आणि निळू फुले, चार वर्षांपूर्वीचा हिंदूराव, इथे पत्रकार दिगू टिपणीस. ज्याला लोक शिव्या घालायचे त्याच नटाला दिग्दर्शकाने साक्षीदार केलं.

चित्रीकरण खऱ्या मंत्रालयात झालं. त्यावेळचे मुख्यमंत्री शरद पवार यांनी परवानगी दिली. क्षणभर विचार करा. मुख्यमंत्र्यांची खुर्ची कशी हलवली जाते, आमदार कसे मोजले जातात, संप कुणाच्या सोयीने होतो आणि कुणाच्या सोयीने मिटतो, हे दाखवणारा चित्रपट आणि त्यासाठी दार उघडून देणारा खुद्द मुख्यमंत्री. तोही 1978 ला सरकार पाडून त्या खुर्चीवर आलेला. आज एखाद्या दिग्दर्शकाने अशी पटकथा घेऊन मंत्रालयाच्या गेटवर उभं राहून बघावं.

'सिंहासन'मध्ये कुणी जिंकत नाही. डाव उलटसुलट होतात, खुर्ची जागच्या जागी राहते आणि सगळं आतून पाहिलेला दिगू शेवटी वेड्यासारखा हसत सुटतो. 2019 च्या पहाटेचा शपथविधी, 2022 ची गुवाहाटी, त्यानंतरची फाटाफूट, प्रत्येक वेळी लोकांनी 'सिंहासन'ची आठवण काढली. चाळीस वर्षांपूर्वीचा चित्रपट ताजा वाटतो हे दिग्दर्शकाचं यश आहे. आपल्या राजकारणाबद्दल ते काय सांगतं, ते तुम्हीच ठरवा.

उंबरठ्याबाहेरची बाई, हसू न येणारा विदूषक

1982 चा 'उंबरठा' शांता निसळ यांच्या 'बेघर' कादंबरीवर आहे. स्मिता पाटील यांची सुलभा शिकलेली, सुखवस्तू घरातली. ती घर सोडून दूर एका महिला सुधारगृहाची अधीक्षक होते. आत काय दिसतं? व्यवस्थापन समितीची मनमानी, बाहेर पाठवल्या जाणाऱ्या मुली, दाबलेली प्रकरणं. ती लढते, एकटी पडते. परत घरी येते तर नवऱ्याच्या आयुष्यात दुसरी बाई. मग ती पुन्हा निघते. अनाथाश्रम, सुधारगृहं, वसतिगृहं यांच्या बातम्या आजही आपण वाचतोच. निरीक्षक येतात, अहवाल होतो, विषय संपतो. हे सगळं 'उंबरठा'त आहे. त्याच वर्षी पटेल यांना पद्मश्री मिळाली.

1992 ला 'एक होता विदूषक'. पटकथा चक्क पु. ल. देशपांड्यांची आणि मुख्य भूमिकेत लक्ष्मीकांत बेर्डे. तमाशातला सोंगाड्या सिनेमात स्टार होतो, मग राजकारण त्याला गर्दी जमवायला वापरून घेतं, आणि त्याच्या स्वतःच्या मुलीला मात्र त्याच्या विनोदावर हसू येत नाही. प्रेक्षक लक्ष्याला पाहून खोखो हसायला आले आणि गप्प होऊन बाहेर पडले. चित्रपट चालला नाही. आज प्रचारसभेला टीव्हीवरचे कलाकार पाहिले की हा चित्रपट आठवतो.

1994 च्या 'मुक्ता'त बड्या मराठा राजकीय घराण्यातली मुलगी आणि दलित चळवळीतला कवी-कार्यकर्ता. त्यात अमेरिकेतल्या काळ्यांच्या लढ्याचा धागाही आहे. सोनाली कुलकर्णी आणि अविनाश नारकर. राष्ट्रीय एकात्मतेचा नर्गिस दत्त पुरस्कार मिळाला. आंतरजातीय लग्नातून आजही खून होतात, म्हणजे विषय जुना झाला असं म्हणायची सोय नाही.

सरकारी पैशातले बाबासाहेब

मग आला सगळ्यात मोठा प्रकल्प, 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर'. केंद्र आणि महाराष्ट्र सरकारचा पैसा, राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचं काम, भाषा इंग्रजी आणि बाबासाहेब झाले मल्याळम सिनेमाचे मामुट्टी. मराठी नट का नाही, यावर तेव्हा भरपूर वाद झाला. चित्रपट पाहिल्यावर तो वाद मिटला असं माझं मत. मामुट्टींना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. नितीन चंद्रकांत देसाईंच्या कलादिग्दर्शनालाही मिळाला.

पण पुढे काय झालं? ज्यांच्यासाठी चित्रपट काढला त्या लोकांपर्यंत तो पोचवायला कुणाला घाई नव्हती. तमिळ आवृत्ती पडद्यावर यायला 2010 साल उजाडलं, आणि त्यासाठी मद्रास उच्च न्यायालयापर्यंत जावं लागलं. सरकारने पैसे द्यायचे, चित्रपट चांगला व्हायचा आणि मग डबे गोदामात. बंदी घालायची गरजच पडत नाही. नुसतं विसरून गेलं की काम होतं.

इथे जरा चीनकडे बघू. तिथला सगळ्यात मोठा दिग्दर्शक म्हणजे झांग यिमोउ. जन्म 1950 चा, पटेलांहून आठ वर्षांनी लहान. वडील विरोधी पक्षाच्या सैन्यात होते म्हणून सांस्कृतिक क्रांतीच्या काळात पोराला आधी शेतावर आणि मग कापूस गिरणीत राबावं लागलं. पुढे बीजिंगच्या चित्रपट अकादमीत शिकला, पहिल्याच चित्रपटाला 1988 ला बर्लिनचं सर्वोच्च पारितोषिक मिळालं. 1994 ला त्याने एका कुटुंबाच्या गोष्टीतून माओच्या काळाचा हिशेब मांडला. तो कान महोत्सवात गाजला, पण त्याच्या स्वतःच्या देशात दाखवू दिला गेला नाही. आणि 2008 मध्ये बीजिंग ऑलिंपिकचा तो दिपवून टाकणारा उद्घाटन सोहळा कुणी बसवला? त्यानेच. एकाच माणसाचा चित्रपट अडवला जातो आणि त्याच माणसाकडून राज्य आपला मांडव सजवून घेतं.

आपल्याकडे असं घडलं नाही हे खरं. 'सामना', 'सिंहासन' अडवले गेले नाहीत, राष्ट्रीय पुरस्कार मिळाले, मंत्रालयाचं दारही उघडलं. पण प्रश्न आपल्यालाही लागू आहे. राज्यकर्त्यांच्या इतकं जवळ राहून त्यांच्याबद्दल खरं सांगता येतं का?

काही लोक पटेलांवर हाच आक्षेप घेतात. 2014 ला त्यांनी यशवंतराव चव्हाणांवर चित्रपट केला, तोही यशवंतरावांच्याच नावाच्या प्रतिष्ठानसाठी. 'सामना'तला हिंदूराव ज्या सहकाराच्या झाडाला लागलेलं फळ आहे ते झाड कुणाच्या पिढीने लावलं? चव्हाणांच्याच. मग 1975 ला फळ किडकं म्हणणारा माणूस 2014 ला माळ्याचा सत्कार कसा करतो?

आक्षेप बिनबुडाचा नाही. गौरवपट काढताना हात थोडा जपूनच चालतो, आणि 'यशवंतराव'मध्ये 'सामना'ची धार नाही हे मान्य केलं पाहिजे. पण मला यात दलबदलूपणा दिसत नाही. स्वातंत्र्यानंतर वाढलेल्या त्या पिढीचं सहकारावर, आंबेडकरी चळवळीवर, स्त्रियांच्या शिक्षणावर, एस. एम. जोशींसारख्या माणसांवर मनापासून प्रेम होतं. म्हणूनच त्याचं मातेरं होताना पाहून ती चिडली. 'सामना' हा सहकाराच्या शत्रूने काढलेला चित्रपट नाही. घरातल्या माणसाने विचारलेला जाब आहे, आणि घरच्याचा जाब जास्त झोंबतो.

हे कशामुळे शक्य झालं?

तीन कारणं दिसतात.

एक, मघाचा डॉक्टरकीचा मुद्दा. ज्याची चूल दवाखान्यावर पेटते त्याला पुढचा चित्रपट मिळावा म्हणून कुणाची मर्जी राखावी लागत नाही. म्हणूनच इतक्या वर्षांत चित्रपट मोजके, हाताच्या बोटांवर मोजण्याइतके, पण त्यात भरती फार कमी.

दोन, साहित्य. साधू, दांडेकर, निसळ, तेंडुलकर, पु. ल., महानोर. मंत्रालयाची बातमीदारी केलेला पत्रकार कादंबरी लिहितो, नाटककार त्याची पटकथा करतो, नाटकातले नट ती उभी करतात. ही साखळी होती. एकट्या माणसाच्या प्रतिभेवर 'सिंहासन' होत नाही.

तीन, पैसा देणारे वेडे. चित्रकलेचा मास्तर साखरसम्राटावर चित्रपट काढायला निघतो, याला दुसरा शब्द नाही.

आणि आता आपलं गाव

ज्या 1972 ला 'घाशीराम' आलं त्याच वर्षी आपल्याकडे नवनगर विकास प्राधिकरण आलं. त्याआधी 1954 ला पिंपरीत एच.ए. उभी राहिली, मग एमआयडीसी, टेल्को, बजाज. भाताची, ज्वारीची, उसाची शेतं गेली. जमिनी संपादनात गेल्या आणि साडेबारा टक्के परताव्याचा विषय तेव्हापासून निवडणुकांमागून निवडणुका फिरतोय. कुणी एका गुंठ्यावर चाळ बांधली, कुणी कोर्टात म्हातारा झाला, कुणी बिल्डर झाला, कुणी नगरसेवक, कुणी दोन्ही. मराठवाड्यातून, खानदेशातून, बिहारमधून पोरं आली आणि कंत्राटावर लागली. डांगे चौकात सकाळी सहाला कंपन्यांच्या बसची वाट बघत उभी असलेली रांग पाहा. त्या रांगेत अनेक गोष्टी उभ्या आहेत.

सप्टेंबर 1989 ला टेल्कोच्या कामगारांनी शनिवारवाड्यावर उपोषण केलं आणि पोलिसांनी त्यांना रात्री उचलून नेलं. तो संप आपल्या पट्ट्याच्या इतिहासातला केवढा मोठा प्रसंग! मुंबईच्या गिरणी कामगारांवर नाटक आलं, चित्रपट आला. आपल्या पट्ट्यावर 'सिंहासन'च्या ताकदीचं काही मला तरी पाहायला मिळालेलं नाही. 'मुळशी पॅटर्न'ने 2018 ला जमीन विकलेल्या घरातल्या पोराची गोष्ट सांगितली, ती आपल्या शेजारची म्हणून इकडे गर्दी झाली. पण कारखान्याच्या गेटच्या आत कॅमेरा अजून गेलेला नाही. आपल्याकडे हिंदूराव आहेत, डिकास्टा आहेत, दिगू आहेत. कंत्राटदाराच्या हजेरीपटावरून एके दिवशी गायब होणारे मारुती कांबळेही आहेत. लिहिणारा अरुण साधू तेवढा नाही.

म्हणून एक साधी मागणी. महापालिकेची नाट्यगृहं आहेत. चिंचवडचं रामकृष्ण मोरे, संत तुकारामनगरचं अत्रे, भोसरीचं लांडगे. पिंपळे गुरवच्या नाट्यगृहाला तर खुद्द निळू फुले यांचं नाव दिलंय. त्या निळू फुले नाट्यगृहात निळूभाऊंचा 'सामना' आणि 'सिंहासन' महिन्यातून एकदा दाखवायला काय हरकत आहे? चांगली प्रत मिळवायची, तिकीट वीस रुपये ठेवायचं आणि नंतर अर्धा तास चर्चा. कॉलेजच्या पोरांना, आयटीआयच्या पोरांना बोलवायचं. संमेलनाच्या मांडवावर झालेल्या खर्चापुढे हा खर्च म्हणजे चहापाणी. यूट्यूबवरच्या धुरकट प्रतीवर मोबाईलमध्ये 'सिंहासन' पाहणं आणि तीनशे माणसांबरोबर अंधारात पाहणं यात फरक आहे. माणसं एकत्र गप्प झाली की त्या शांततेचा अर्थ प्रत्येकाला कळतो.

दुसरी मागणी तुमच्याकडे. ज्यांच्या घरी जमीन गेल्याच्या नोटिसा, संपाच्या काळातली पत्रकं, जुने फोटो, पगाराच्या चिठ्ठ्या आहेत, त्यांनी ते रद्दीत घालू नका. ज्यांचे वडील, चुलते त्या संपात होते त्यांनी त्यांना बोलतं करा, मोबाईलवर रेकॉर्ड करून ठेवा. माणसं सत्तरी-ऐंशीच्या घरात पोचलीत. उद्या एखाद्या पोराला आपल्या पट्ट्याची कादंबरी लिहायची झाली तर त्याच्या हाताला काहीतरी लागलं पाहिजे.

दौंडच्या एका डॉक्टरने महाराष्ट्राची नाडी पाहिली आणि निदान लिहून ठेवलं. औषध घ्यायचं की नाही हे पेशंटने ठरवायचं असतं.

यातले तुम्ही कोणते पाहिलेत ते खाली लिहा. आणि निळू फुले नाट्यगृहात 'सामना' लागला तर याल का, तेही लिहा. दोनशे जण "हो" म्हणाले तर अर्ज घेऊन महापालिकेत जाऊ.